कृष्णातच्या नावची वचनचिठ्ठी

१

कागदावर सातच ओळी होत्या. त्या सात ओळींत हरिपूरच्या कृष्णात साळुंखेनं आपण चोर असल्याचं लिहून दिलं होतं, आणि लिहून दिल्यावर दोनच दिवसांनी तो मेला होता.

अंजना जगदाळेनं तो कागद तीनदा वाचला. वकिलीची सनद मिळून तिला अजून वर्षही झालं नव्हतं. सीनिअर वकीलसाहेब हायकोर्टाच्या कामासाठी मुंबईला गेले होते आणि सांगलीतल्या तारखा घेण्याचं काम तिच्या गळ्यात टाकून गेले होते. बाररूममधली मंडळी तोंडावर तिला ‘ताई’ म्हणत आणि पाठ वळली की ‘तारीखबाई’. तिला हे ठाऊक होतं, आणि ठाऊक आहे हे त्या मंडळींनाही ठाऊक होतं.

कागदातला मजकूर असा: ‘सोमवार दिनांक ५ डिसेंबर १९७७ रोजी मी रहिमतपूरचे आडत व्यापारी दादासो भोईटे यांच्या मालाचे जमिनीखालचे पेव त्यांना न कळवता उघडले. आतली साठ पोती हळद काढून परस्पर विकली. तिची किंमत रुपये अठरा हजार सहा महिन्यांत बिनतक्रार देण्याचे वचन देतो.’ खाली तारीख ६ डिसेंबर, कृष्णातची सही, आणि साक्षीदार म्हणून त्याच्या सख्ख्या धाकट्या भावाची, अर्जुनाची सही.

समोरच्या बाकावर कृष्णातची बायको राहीबाई बसली होती. डोक्यावरचा पदर कपाळापर्यंत ओढलेला, मांडीवर खताच्या पोत्याची शिवलेली पिशवी. समन्स तिनं त्या पिशवीत सहा दिवस जपून ठेवलं होतं, कारण सरकारी कागद जपून ठेवायचा असतो.

“सहा दिवस?” अंजना जवळजवळ ओरडलीच. “अहो राहीबाई, हा साधा दावा नाही. हा समरी दावा आहे. यात तुम्हाला कोर्टापुढं तोंड उघडायचं तरी आधी परवानगी मागावी लागते. दहा दिवसांच्या आत, शपथेवर. लढण्यासारखं काहीतरी आहे हे न्यायाधीशांना पटलं तर परवानगी. नाही पटलं, तर साक्ष नाही, पुरावा नाही, त्याच दिवशी हुकूमनामा. घर जाईल, पेवं जातील.”

“घराचं ऱ्हाऊ द्या,” राहीबाई म्हणाली. “माजा माणूस चोर न्हवता. तेवडं कोर्टात बोलाया मिळंल का ते सांगा.”

चार दिवस उरले होते आणि त्यातला एक रविवार. अंजनानं मनाशी मसुदा जुळवला. मयताची सही बनावट आहे, हा बचाव सरळ होता. सही बनावट म्हटली की तपासणी आली, आणि तपासणी आली की परवानगी मिळतेच. तिनं कागदाची नक्कल राहीबाईपुढं धरली.

“ही सही बघा नीट. ही त्यांची नाही, असंच ना?”

राहीबाईनं कागद उजेडाला धरला. तिला वाचता येत नव्हतं, पण वीस वर्षं नवऱ्याला सही करताना तिनं शेजारी बसून पाहिलं होतं. बराच वेळ ती बघत राहिली आणि मग तिनं कागद खाली ठेवला.

“खोटं कसं बोलू, बाई? सही त्येंचीच हाय.”

२

हरिपूर सांगलीला लागूनच. कृष्णा आणि वारणा जिथं मिळतात तिथल्या चिवट मातीत जमिनीच्या पोटात हळद साठवायची पेवं खणलेली. वरून पाहिलं तर काहीच दिसत नाही. माणूस उतरेल एवढं तोंड, त्यावर फरशी, फरशीवर माती. खाली मात्र दोन-दोन पुरुष खोल पोकळी. हळद सुटी ओतायची, वर उसाचं वाळलेलं पाचट दाबून भरायचं आणि तोंड बंद करायचं. वर्ष गेलं तरी हळदीला कीड लागत नाही.

कृष्णात ही पेवं राखायचा, भरायचा, उघडायचा. बापाकडून आलेलं काम, आणि बापाकडून आलेली पाच पेवं.

शुक्रवारी सकाळी राहीबाईनं अंजनाला ते पेव दाखवलं. दादासोचा माल त्यातच होता, आणि कृष्णात त्यातच मेला होता. पावसाळ्यामुळं तोंड मातीनं लिंपलेलं होतं.  अंजनाला तिथं उभं राहायलाही नको वाटलं.

“माणूस आत कसा मरतो? पडून?”

“वारं कोंडतं, बाई. आत हळद असती ना, ती सगळं चांगलं वारं खाऊन टाकती. तोंड उघडलं की लगीच उतरायचं नस्तं. अर्धा दीस उघडं ठेवायचं. मग दोरीला कंदील बांधून खाली सोडायचा. जळत ऱ्हायला तर माणसानं उतरायचं. इझला तर न्हाई.”

“आणि पेव रिकामं असलं तर?”

“रिकाम्यात कशाला वारं कोंडंल? रिकामं केलं की आठ-आठ दीस उघडंच टाकत्यात सुकायला. पोरं आत लपंडाव खेळत्यात.”

अंजनानं ते लिहून घेतलं. लिहून घेतलं एवढंच, त्याचा अर्थ तिच्या डोक्यात शिरला नाही. तिच्या डोक्यात दुसरीच गोष्ट घोळत होती. वीस वर्षं पेवं उघडणारा माणूस कंदील न सोडता उतरेल कसा? तर गावात याचं उत्तर तयार होतं. देवळाजवळच्या हॉटेलात चहा पिताना तिनं ते चार तोंडांतून ऐकलं. चोरी उघडी पडली, लिहून द्यावं लागलं, लाजेनं गड्यानं जाणूनबुजून जीव दिला. दादासो भोईट्यांनीच तसं सांगितलं होतं, आणि तेही फार हळहळून.

“अर्जुना कुठं आहे?” तिनं राहीबाईला विचारलं. साक्षीदार म्हणून सही त्याची होती.

“घरात हुता की आत्ता. जेवत हुता.”

“तुमच्याकडं जेवतो?” अंजनाला धक्काच बसला. “तुमच्या नवऱ्याला चोर ठरवणाऱ्या कागदावर त्याची सही आहे आणि तुम्ही त्याला जेवायला घालता?”

“मी लगीन हून आले तवा पाच वर्साचा हुता त्यो. मी घालनार न्हाई तर कोन घालंल?”

घरी जाऊन पाहिलं तर ताट अर्धवट टाकून अर्जुना मागच्या दारानं निघून गेला होता.

मिळाला तो धुळा. हा मूळचा जत भागातला, मेंढरं घेऊन फिरणाऱ्या घरातला. दोन वर्षांपासून नदीकाठच्या एका मळ्यावर सालगडी होता. त्या गुरुवारी, आठ डिसेंबरला, आरडाओरडा ऐकून पहिला धावला तो धुळाच.

“दोगंच हुतं तितं,” धुळा म्हणाला. “अर्जुना आन त्यो रहिमतपूरचा शेट. सडकंला टरक हुबा. अर्जुना तोंडापाशी पालता पडून वरडत हुता, दादा दादा करत. मी गेलो, वाकलो आन धरला की कृष्णाततात्याचा हात. दोगांनी वडला वर. पर जीव न्हवता गड्यात.”

“आत काय दिसलं?”

“पाचट. त्येच्यावरच पडला हुता. खाली काय असंल ते मला काय ठावं? मी मेंढरातला मानूस.”

“दोरी आणली होती?”

“दोरी कशाला? हाताला लागत हुता की.”

अंजनानं हेही लिहून घेतलं, धुळाचा अंगठा घेतला, आणि काही हाती लागलं नाही असं समजून निराश मनानं सांगलीला परतली.

३

शनिवारी ती पॅसेंजरनं रहिमतपूरला गेली. दादासो भोईट्यांना भेटायला नव्हे. विरुद्ध पक्षकाराला परस्पर भेटणं वकिलाला शोभत नाही, एवढं तारीखबाईलाही कळत होतं. तिला भेटायचं होतं नाथाजींना. हे दादासोंचे जुने दिवाणजी, चाळीस वर्षं पेढीवर बसलेले, आणि गेल्या संक्रांतीला अचानक घरी पाठवलेले.

नाथाजी ओसरीवर सुपारी कातरत बसले होते. कृष्णातचं नाव काढताच त्यांचा अडकित्ता थांबला.

“सही त्याचीच आहे म्हणते त्याची बायको,” अंजना म्हणाली. “आणि नवरा चोर नव्हता असंही म्हणते. दोन्ही खरं कसं असेल, काका?”

“दोनी खरंच हाय,” नाथाजी म्हणाले. “पोरी, पेवाच्या कामात चिठ्ठी लागती. एवडा माल भरला, एवडा काढला. आता मालवाला हितं आन पेव तितं हरिपुरात. दर चिठ्ठीला कोन इकडं यील? म्हनून कृष्णात वरसाच्या सुरवातीला पाच-धा कोऱ्या चिठ्ठ्या सया करून माज्याकडं पत्र्याच्या डब्यात ठिवायचा. माल निगाला की मी मजकूर लिवायचो. त्येच्या बापापास्नं चालत आलेलं. इस्वासाचं काम.”

अंजना बघतच राहिली. कोऱ्या कागदावर सह्या! आणि त्या चाळीस वर्षं एका पत्र्याच्या डब्यात बिनबोभाट राहिल्या होत्या.

“कृष्णात गेला तवा डब्यात एक चिठ्ठी शिल्लक हुती. चार दिसांनी बगतो तर डबा मालकांच्या खोलीत. मी इचारलं. संक्रांतीला मला घरी बशिवलं.”

“आणि हळद?”

नाथाजींनी आवाज खाली घेतला. “हळद दादासोची न्हवतीच. कोरेगाव भागातल्या तिगा शेतकऱ्यांची. भाव वाडंल म्हनून ठिवाय दिलेली. दादासोनं ती इकायचं आदीच ठरीवलं हुतं, त्येंना न सांगता. कृष्णात मेला आन त्येला वाट घावली. धा दिसांनी हितनं हमाल न्हेऊन त्येनं सोताच हळद काडली, रातोरात टरक भरला. आन शेतकऱ्यांना सांगितलं, पेववाल्यानं चोरली, त्येनं लिवून दिलंय बगा.”

“मग दावा कशाला?”

“त्ये शेतकरी ऐकंनात. आता कोर्टाचा हुकूमनामा दाकिवला की त्येंची तोंडं बंद. आन दावा बी असला काडला, जितं कोन काय इचारत न्हाई.”

 समरी दाव्याची तरतूद व्यापाऱ्यांचा वेळ वाचावा म्हणून आहे, असं अंजना परीक्षेत लिहून आली होती. तिचा असाही उपयोग होतो हे तिला कुणी शिकवलं नव्हतं.

“काका, एवढं शपथपत्रावर द्या. मी इथंच लिहून घेते.”

नाथाजींनी पुन्हा अडकित्ता हातात घेतला.

“माजा मुलगा त्येच्याच दुकानात हाय, पोरी. तीन लेकरं हाईत त्येला. मी सांगितलं ते तुज्या कानात. कोर्टात मी असलं काय बोललो न्हाई.”

सगळं रहस्य उलगडलं होतं, आणि त्यातलं एक अक्षरही वापरता येणार नव्हतं. परतीच्या गाडीत तिला रडूच आलं. समोरच्या बाकावरच्या बाईनं काही न विचारता तिला निम्मं कणीस मोडून दिलं.

४

रविवारी दुपारी तिनं टेबलावर चार कागद मांडले. वचनचिठ्ठीची नक्कल. दादासोंचं दाव्यासोबतचं शपथपत्र. धुळाचा जबाब. आणि अकस्मात मृत्यूच्या पोलीस कागदांची नक्कल, ज्यात डॉक्टरांनी लिहिलं होतं: ‘गुदमरून मृत्यू. अंगावर कोठेही इजा नाही.’

शपथपत्र ती पहिल्यांदाच सावकाश वाचत होती. दादासोंनी हात राखून लिहिलं नव्हतं. ‘मंगळवार दिनांक ६ रोजी वादीने स्वतः सदर पेवात तळापर्यंत उतरून पेव रिकामे असल्याची खात्री केली, तेव्हा मयताने गुन्हा कबूल करून वचनचिठ्ठी लिहून दिली.’

स्वतः. तळापर्यंत.

तिनं डॉक्टरांचा कागद पुन्हा घेतला. मग धुळाचा. मग पुन्हा शपथपत्र. आणि ती खुर्चीतून उठून उभीच राहिली. आई आतून विचारत होती, काय गं झालं, तर तिनं अर्जासाठी कोरा कागद पुढं ओढला.

अर्ज सोमवारी मुदतीत दाखल झाला. सुनावणी पुढच्या सोमवारी, एकवीस ऑगस्टला लागली.

कोर्ट भरलेलं होतं. दादासो भोईटे पहिल्या बाकावर पांढऱ्या टोपीत बसले होते. त्यांच्यामागं अर्जुना, मान खाली घालून. राहीबाई दाराशी उभी होती. बस म्हटलं तरी बसली नाही.

वादीचे वकील बारमधले मुरलेले. ते पाच मिनिटंच बोलले. “सही मान्य. साक्षीदार मयताचा सख्खा भाऊ. कोऱ्या कागदावर सही घेतली असं प्रतिवादी म्हणते, पण पुरावा शून्य. असं तर कुणीही म्हणेल. हा बचाव नाही, वेळकाढूपणा आहे. परवानगी नाकारावी. द्यायचीच तर अठरा हजार कोर्टात भरण्याची अट घालावी.”

अठरा हजार भरायची अट म्हणजे नकारच. राहीबाईकडं अठराशेही नव्हते. न्यायाधीशसाहेबांनी चष्म्यावरून अंजनाकडं पाहिलं. “बोला. कोऱ्या कागदाखेरीज काही आहे?”

“आहे साहेब,” अंजना म्हणाली.  “मयत कसा मेला, एवढाच माझा बचाव आहे.”

कोर्टात कुजबुज झाली. वादीचे वकील हसले.

“वादीचं म्हणणं, पेव सोमवारी उघडलं आणि रिकामं झालं. मंगळवारी वादी स्वतः तळापर्यंत उतरले आणि सुखरूप वर आले. म्हणजे मंगळवारी आत हळद नव्हती आणि हवा चांगली होती. हे मी म्हणत नाही, वादी शपथेवर म्हणतात. आता डॉक्टरांचा कागद. गुरुवारी त्याच पेवात कृष्णात साळुंखे गुदमरून मेला. उघड्या, रिकाम्या पेवात माणूस गुदमरत नाही, साहेब. हरिपूरची पोरं रिकाम्या पेवात खेळतात. वारं कोंडतं ते बंद पेवात, आणि हळदीनं.”

साहेबांची लेखणी थांबली होती.

“वादी गावभर सांगतात, मयतानं लाजेनं उडी घेतली. दोन पुरुष खोल रिकाम्या खड्ड्यात उडी घेतलेल्या माणसाच्या अंगावर एक ओरखडा नाही? आता धुळाचं शपथपत्र पाहा. त्यानं वाकून हात धरला आणि मयताला वर ओढलं. दोरी लागली नाही, शिडी लागली नाही. मयत पाचटावर पडला होता, आणि ते पाचट तोंडाशी हात पोचेल इतकं वर होतं. हे पाचट हळदीच्या थरावर घालतात. हळद काढली असती तर पाचट तळाशी असतं आणि मयतही तळाशी सापडला असता. म्हणजे गुरुवारी पेव गळ्यापर्यंत भरलेलं होतं. जी हळद गुरुवारी पेवात होती, ती सोमवारी चोरल्याची कबुली कृष्णात मंगळवारी देईल कशी?”

  वादीचे वकील घाईनं शपथपत्राची पानं उलटत होते.

न्यायाधीशसाहेब दादासोंकडं वळले. “तुम्ही मंगळवारी खरोखर खाली उतरला होतात?”

दादासो उभे राहिले. उतरलो म्हणावं तर हवा चांगली होती, मग दोन दिवसांनी कृष्णात गुदमरला कसा? आणि नाही म्हणावं तर शपथपत्र खोटं. त्यांनी आपल्या वकिलांकडं पाहिलं. वकिलांनी नजर छताकडं लावली होती.

“आठवत न्हाई, साहेब,” दादासो म्हणाले.

साहेबांनी हुकूम तिथंच सांगायला सुरुवात केली. बचाव वरकरणी नाही, चौकशी करण्याजोगा गंभीर मुद्दा निघतो, सबब प्रतिवादीस दावा लढवण्याची परवानगी देण्यात येते. बिनशर्त. कैफियत तीस दिवसांत द्यावी. कबुलीच्या कागदावरील साक्षीदार अर्जुना साळुंखे यास साक्षीसाठी बोलावण्यात यावे.

‘बिनशर्त’ हा शब्द ऐकून अंजनाच्या डोळ्यांत पाणी आलं. तिनं वळून दाराकडं पाहिलं. राहीबाई हसत नव्हती. ती अर्जुनाकडं बघत होती.

५

बाहेर लिंबाच्या झाडाखाली अर्जुनानं त्यांना गाठलं. पंचविशीचा उंचापुरा गडी, पण उभा राहिला तो असा, की अंजनाला त्याला खुर्ची द्यावीशी वाटली.

“वैनी,” तो म्हणाला. “बाईंनी आत समदं सांगितलं. एकच सांगितलं न्हाई.”

आणि तेव्हा अंजनाच्या लक्षात आलं. पेव भरलेलं होतं हे तिनं सिद्ध केलं होतं. भरलेल्या पेवात, नुकत्याच उघडलेल्या पेवात, वीस वर्षं पेवं उघडणारा जाणता माणूस उतरला कसा, हा प्रश्न तिनंच भर कोर्टात टेबलावर ठेवला होता आणि त्याचं उत्तर शोधायचं मात्र राहून गेलं होतं.

“दिवा सोडायचं काम माजं हुतं,” अर्जुना म्हणाला. “शेट टरकची घाई करत हुता. अर्धा दीस थांबाया तयार न्हवता. दादा म्हनला, दिवा सोडून बग, जळला तर पाचट काडाया उतरतो. मी कंदील नुसता हातात धरला, वैनी. काडी बी वडली न्हाई. म्हनलं, कालच्या पेवात काय झालं न्हाई, हितं काय हुतंय. आन वरडलो, ‘जळतोय रं दादा, उतर.’ त्यो माज्या शब्दावर उतरला.”

 अंजनानं झाडाला हात टेकला.

“शेटनं बगितलं हुतं. चार दिसांनी कागद घिऊन आला. म्हनला, सही कर, न्हाईतर पोलिसात सांगतो, भावाला तूच मारलास म्हनून.” अर्जुना रडायला लागला. “आता तुमी मला मारा, न्हाईतर काय बी करा.”

अंजनाला वाटलं, आता ही बाई किंचाळेल. राहीबाई किंचाळली नाही.

“मला ठावं हाय,” ती म्हणाली.

“काय?”

“त्या दिशी कंदील मीच उचलून घरी आनला. सकाळी मीच नवी वात घालून दिलेली, ती कोरीच हुती. मला तवाच कळलं.”

अर्जुना डोळे फाडून बघत राहिला. अंजनाही. आठ महिने! आठ महिने ही बाई हे माहीत असून त्याच्या पुढ्यात भाकरी टाकत होती.

“मग बोलला का न्हाई, वैनी?”

“काय बोलू? त्वा जानून केलं न्हवतंस. चूक झाली. त्येंचा तूच एक पाठीराखा उरलेला. म्या चूक पोटात घातली.” आता मात्र तिचा आवाज चढला. आवारातली माणसं वळून बघू लागली. “पर सही? सही त्वा बसून केलीस, अर्जुना. दौतीत टाक बुडवून केलीस. ज्येनं तुला खांद्यावर घेऊन साळंत सोडलं, त्येला चोर म्हनून लिवून दिलंस आन घरी यून माज्या हातचं जेवलास. ती पोटात न्हाई मावत माज्या.”

अर्जुना खाली बसला. तिचे पाय धरायला त्यानं हात पुढं केला, तशी ती मागं सरली.

“बाई, ह्येची तारीख कवा लागंल?” तिनं अंजनाला विचारलं.

“दोन-तीन महिन्यांत लागेल,” अंजना कशीबशी म्हणाली. आपल्याच पक्षकाराच्या दिराला पिंजऱ्यात उभं करून आपल्याला काय काय विचारावं लागणार आहे, ते तिच्या डोळ्यांपुढं दिसायला लागलं होतं. “पण राहीबाई, त्यानं खरं सांगितलं तर दिव्याचंही निघेल. भावाच्या मरणाचा ठपका त्याच्यावर येईल. तुरुंगही होऊ शकतो.”

राहीबाईनं पदर सारखा केला.

“ऐकलंस न्हवं?” ती अर्जुनाला म्हणाली. “त्या तारखंला यायचं. साऱ्यांम्होरं सांगायचं. तवर माज्या चुलीकडं फिरकायचं न्हाई.”

“आन सांगितल्यावर, वैनी? मग यू?”

राहीबाई एस.टी. स्टँडच्या दिशेनं चालायला लागली होती. ती थांबली, पण वळली नाही.

“आदी सांग,” ती म्हणाली.